बंडाआधीची उमेदवारी

प्रश्न : मी इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. मला दिग्दर्शक व्हायचंय. कपोला, लुकास, स्कॉर्सेसी यांनी हॉलिवुडच्या स्टुडिओंना न जुमानता सिनेमे केले. मग मीही कॉलेज सोडून मुंबई गाठू का? बाबांचा सक्त विरोध आहे.

उत्तर : या तिघांवर माझाही जीव आहे. पण त्यांची गोष्ट तू मधूनच वाचायला घेतलीस. कपोला यूसीएलए विद्यापीठात, लुकास यूएससी विद्यापीठात, स्कॉर्सेसी न्यूयॉर्क विद्यापीठात रीतसर सिनेमा शिकले. पुढे पडेल ते काम केलं. रॉजर कॉर्मन हा स्वस्तात, झटपट सिनेमे काढणारा निर्माता. त्याच्या एका सिनेमासाठी कपोला युरोपात ध्वनिमुद्रण सांभाळत होता. ते काम आटोपल्यावर उरलेल्या पैशांच्या आधारानं त्यानं आयर्लंडमध्ये ‘डिमेन्शिया १३’ (१९६३) उभा केला.

स्टुडिओंची दारं उघडली ती त्यांच्याच अडचणीमुळे. अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाच्या १९४८ च्या निकालानंतर त्यांना स्वतःच्या मालकीची थिएटरं सोडावी लागली, टीव्हीनं प्रेक्षक नेला, महागडे संगीतपट आपटले. १९६९ मध्ये जेमतेम चार लाख डॉलरच्या ‘ईझी रायडर’नं कोट्यवधी कमावले, तेव्हा कुठे मालक तरुणांना विचारू लागले.

त्याच वर्षी कपोला आणि लुकासनं सॅन फ्रान्सिस्कोत ‘अमेरिकन झोट्रोप’ ही स्वतःची कंपनी काढली, तीही वॉर्नर स्टुडिओच्या पैशांवर. लुकासचा ‘टीएचएक्स ११३८’ पाहून वॉर्नरनं हात काढून घेतला, वर पैसेही परत मागितले. कर्जात बुडालेल्या कपोलानं मग पॅरामाउंटचा ‘गॉडफादर’ घेतला. म्हणजे पुन्हा स्टुडिओचीच नोकरी! पण ब्रँडो आणि पचिनो हे नट नकोत म्हणणाऱ्या स्टुडिओच्या साहेबांपुढे तो हटला नाही. मला त्याचं खरं बंड इथे दिसतं. तो कामात तयार होता, म्हणून त्याला अडून बसता आलं.

तेव्हा पदवी पूर्ण कर. पुण्याच्या एफटीआयआय या सिनेमा शिकवणाऱ्या संस्थेच्या दिग्दर्शन अभ्यासक्रमाला कुठल्याही शाखेची पदवी चालते, पण ती लागतेच. तोवर कॉलेजच्या एकांकिकेत घुस. पुरुषोत्तम करंडकाच्या तालमींत नट कसे हाताळायचे ते कळेल. सुट्टीत एखाद्या मालिकेच्या सेटवर सहायक म्हणून राब. मोबाइलवर पाच मिनिटांची फिल्म कर, एडिटिंग स्वतः कर. ती आधी बाबांना दाखव, आणि पदवीनंतर प्रवेश परीक्षेसाठी एक वर्ष त्यांच्याकडे माग.