पासपोर्टवरची जन्मतारीख जन्मदाखल्याशी जुळत नाही. दुरुस्तीसाठी कोर्टात जावंच लागतं का?

बहुतेकदा नाही. आधी जन्मदाखला नीट वाचा, कारण सगळं त्याच्यावर उभं आहे. दाखल्यातच चूक असेल तर महापालिका, नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीच्या जन्म-मृत्यू निबंधकाकडे अर्ज करा. 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम 15 नुसार नोंद दुरुस्त करायचा अधिकार त्यांना आहे.

दाखला बरोबर असेल तर पासपोर्ट सेवा पोर्टलवर ‘री-इश्यू’चा अर्ज भरून वैयक्तिक तपशिलातला बदल निवडा. जन्म आजोळी झाला आणि पासपोर्टवर वडिलांचं गाव लागलं, तरी वाट हीच. चूक कशी झाली ते खरंखरं लिहा. आधी वेगळी तारीख का दिली, हे विचारतातच, आणि खोटी माहिती देणं पासपोर्ट कायद्याच्या कलम 12 खाली गुन्हा आहे. शाळा सोडल्याचा दाखला, आधार, पॅन यांवरची तारीखही जुळवून घ्या. बरेच अर्ज इथे अडकतात.

नकार आला तर तोंडी ऐकून परतू नका, लेखी कारण मागा. पासपोर्ट कायदा, 1967 च्या कलम 11 खाली अपील करता येतं. तिथेही दाद मिळाली नाही तर उच्च न्यायालयात संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका. तारखेबद्दलच वाद असेल तर मात्र दिवाणी न्यायालयात घोषणेचा दावा, म्हणजे खरी तारीख कोणती ते कोर्टाने जाहीर करावं यासाठीचा दावा, लावावा लागतो. त्यासाठी वकील गाठाच.