हप्ता बसतोय की ओ काका

प्रिय पोरी,

शनिवारी डबा खाताना तू मोबाईलवर बँकेचं सँक्शन लेटर, म्हणजे तुझ्या फ्लॅटच्या कर्जमंजुरीचं पत्र, दाखवलंस आणि मी काही बोलायच्या आधीच म्हणालीस, "पगारात हप्ता बसतोय की ओ काका". मी नुसती मान हलवली, कारण तोंडात भडंग होतं आणि आपल्या सेक्शनची बाकीची पोरं कान देऊन ऐकत होती, त्यांच्यासमोर तुझ्या आनंदात मिठाचा खडा कशाला टाका. पण घरी आल्यावर ते वाक्य डोक्यातनं जाईना. कारण हेच्या हेच वाक्य मी २००४ साली बायकोला म्हणालो होतो.

तेव्हा मी मिरजेकडं ८ लाख कर्ज काढून घर घेतलं. साडेसात टक्के व्याज, फ्लोटिंग म्हणजे बदलता दर, २० वर्षं, हप्ता ६,४४५. बसत होता. दर महिन्याच्या पाच तारखेला खात्यातनं जायचा, मी निवांत. व्याजदर बदलल्याची पत्रं बँकेकडनं यायची, ती मी पंच मारून फाईलला लावायचो, वाचायचो नाही. २००८ मधे टॅक्ससाठी व्याजाचं सर्टिफिकेट आणायला गेलो तेव्हा काउंटरवरच्या माणसानं सहज खात्याचा उतारा पण काढून दिला. तोपर्यंत दर सव्वादहावर गेला होता आणि हप्ता मात्र तेवढाच ठेवला होता. त्या महिन्याच्या ६,४४५ मधले ६,३४९ व्याजाला गेले होते. मुद्दलात किती? ९६ रुपये. मी तो आकडा तिथं उभ्या उभ्या तीनदा वाचला, आधी वाटलं पुढची दोन शून्यं छापायची राहिली असतील.

चार वर्षांत ३ लाख ९ हजार भरले होते आणि कर्ज कमी झालं होतं ५७ हजारानं. घरी येऊन कॅल्क्युलेटरवर मांडलं तर असंच चाललं असतं तर अजून ४१ वर्षं लागणार होती. आयुष्यभर दुसऱ्यांची लेजर तपासणारा माणूस मी, कुपवाडच्या एमआयडीसीत माझ्या हाताखालनं कोट्यवधीची बिलं गेली, आणि स्वतःचं कर्जखातं चार वर्षं उघडून बघितलं नाही. बँकेनं नीट समजावून सांगितलं नाही हे खरंच आहे, पण मी विचारलं पण नव्हतं.

तर आता तुझं बघू. ३० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं, हप्ता २६,०३५. पहिल्या महिन्याचं व्याज काढायला काही लागत नाही, ३० लाखाचे साडेआठ टक्के भागिले १२, झाले २१,२५०. म्हणजे पहिल्या हप्त्यातले ४,७८५ फक्त तुझ्या घराचे, बाकी बँकेचं भाडं समज. दुसऱ्या महिन्यात कर्ज ४,७८५ नं कमी झालेलं असतं म्हणून व्याज ३४ रुपयांनी कमी आणि मुद्दल ३४ रुपयांनी जास्त, असं ते मुंगीच्या पावलानं सरकतं. आणि किती सरकतं ते ऐक. व्याजापेक्षा मुद्दल जास्त जायला लागतं ते १४३व्या हप्त्याला, म्हणजे बारावं वर्ष संपता संपता. दहा वर्षं झाली की माणसाला वाटतं चला, अर्धं फिटलं. तर दहा वर्षांनी तुझ्या डोक्यावर अजून २१ लाख असणार आहेत.

यात बँकेची लबाडी काही नाही हं, हे लक्षात ठेव, नाहीतर तू उद्या त्या शाखेत जाऊन भांडशील. उरलेल्या पैशावर व्याज लावायचं आणि हप्ता सारखा ठेवायचा एवढ्या दोनच गोष्टी केल्या की असंच होतं. सुरुवातीला उरलेलं मोठं असतं म्हणून व्याज मोठं.

तू असं पण म्हणालीस की पाच वर्षांनी पुण्याला चान्स मिळाला तर फ्लॅट विकून टाकीन. विक की. पण पाच वर्षांत तू १५ लाख ६२ हजार भरलेले असतील आणि बँकेला तरी २६ लाख ४४ हजार देणं असेल. मुद्दल फिटलं साडेतीन लाख. म्हणजे फ्लॅटचा भाव वाढलाच नाही तर तू पाच वर्षं महाग भाड्यानं राहिलीस असा हिशोब होतो.

एकूण २० वर्षांत तू देणार ६२ लाख ४८ हजार. ३० चे ६२. हा आकडा ऐकून तुझ्या आप्पांना घाम फुटेल म्हणून त्यांना लगेच सांगू नको. आणि तो थोडा फसवा पण आहे, कारण पंधरा वर्षांनंतरचे २६ हजार आजच्या २६ हजाराएवढे जड नसणार, तुझा पगार वाढेल, महागाई वाढेल, आणि तोपर्यंत भाडं वाचेल ते वेगळंच. त्यामुळं कर्ज काढूच नको असं मी म्हणत नाहीये. माझं म्हणणं एवढंच आहे की तू घराची किंमत विचारलीस, हप्ता विचारलास, मुदतीची किंमत विचारली नाहीस, आणि सगळ्यात महाग वस्तू तीच आहे.

तो बँकेचा पोरगा तुला म्हणाला ना, मॅडम ३० वर्षं करून घ्या, हप्ता २३,०६७ वर येईल, हलकं वाटेल. आता मांड. महिन्याला २,९६८ कमी, पण एकूण भरायचे ८३ लाख. म्हणजे महिन्याचे तीन हजार हलके करायला साडेवीस लाख जास्तीचे. त्यात पहिल्या हप्त्यातलं मुद्दल फक्त १,८१७. उलट बाजूनं बघ, १५ वर्षं घेतलीस तर हप्ता २९,५४२, म्हणजे साडेतीन हजारच जास्त, आणि सव्वानऊ लाख वाचतात. तुझा पगार मला माहितीये (पगारपत्रक मीच तपासतो) त्यामुळं १५ वर्षं तुला जड जाईल, २० घे, पण मनात १५ धर.

मनात १५ कसं धरायचं, तर आप्पांकडनं शिक. तुमच्या घरात ऊसबिल आलं की पहिल्यांदा सोसायटीचं देणं भागवतात, मग बाकीचं. त्या माणसाला कंपाउंडिंगचं सूत्र माहीत नाही पण रकमेनं आलेला पैसा रकमेनं कर्जावर मारायचा हे अंगात भिनलंय. तू पण बोनस, दिवाळीचं काही, पगाराचा फरक मिळाला तर तसंच कर. पहिलं वर्ष संपताना १ लाख जादा भरलास आणि हप्ता तोच ठेवलास तर शेवटचे १८ हप्ते गळतात, म्हणजे १ लाखानं पावणेपाच लाखाचे हप्ते उडाले. तोच १ लाख पंधरा वर्षांनी भरलास तर सहा हप्ते पण पूर्ण जात नाहीत. एवढी मोठी रक्कम जमत नसली तर दरवर्षी एक हप्ता जास्तीचा, बस, २० वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास संपतं आणि सहा लाखाच्या वर व्याज वाचतं.

फक्त भरताना फॉर्मवर विचारतात, हप्ता कमी करायचा का मुदत कमी करायची. मुदत म्हण. काउंटरवरचा माणूस घाईत हप्ता कमी करून टाकतो, मग ते दीड-दोनशे-पाचशे रुपये महिन्याच्या किराण्यात कुठं जातात कळत पण नाही. आणि दंडबिंड काही नाही, फ्लोटिंग दरानं वैयक्तिक घरकर्ज असलं तर मुदतीआधी फेडल्याबद्दल बँकेला काही घेता येत नाही, रिझर्व्ह बँकेनं २०१२ मधेच ते बंद केलंय. माझ्या वेळी घ्यायचे, त्यामुळं तेव्हा मी फिरून फिरून विचार करायचो.

सगळं पण घालू नको त्यात. सहा हप्त्यांएवढे पैसे बाजूला, हात न लावता. २०१९ चा ऑगस्ट आठव, सांगलीत आयर्विन पुलाशी कृष्णेची धोक्याची पातळी ४५ फूट आणि पाणी गेलं ५७ वर. आमच्या ओळखीत एकाचं तळमजल्यावरचं घर आठवडाभर पाण्यात होतं, ते भाड्यानं दुसरीकडं राहिले, गाळ काढला, फर्निचर गेलं, आणि पाच तारखेला हप्ता गेलाच. हप्त्याला पूरबीर कळत नाही. तुझा फ्लॅट विश्रामबागला वरच्या अंगाला आणि तिसऱ्या मजल्यावर आहे म्हणून मी निर्धास्त, तरी घराचा विमा काढ, तो काही फार पडत नाही.

विम्यावरनं आठवलं. तुझ्या लेटरमधे खाली बारीक अक्षरात एक लोन प्रोटेक्शनचा ९० हजारांचा प्रीमियम आहे आणि तो कर्जातच मिळवलाय. ते ९० हजार पण २० वर्षं साडेआठ टक्क्यानं फेडायचेत, म्हणजे १ लाख ८७ हजारांना पडतात. कर्ज घेणाऱ्या माणसाचा विमा हवाच, तुझ्यामागं आप्पा आणि आई आहेत, पण तो बाहेरनं साधा टर्म प्लॅन घे आणि वर्षाच्या वर्षाला भर. त्यांचाच घ्यायची सक्ती नाही. तोंडी म्हणतील आहे म्हणून, लेखी द्या म्हण, मग बघ.

आता माझ्या ९६ रुपयांचं तुझ्याबाबतीत होईल का. तेवढं बेक्कार होणं अवघड आहे पण होऊच शकत नाही असं नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवीन फ्लोटिंग घरकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली असतात, बहुतेक वेळा रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते त्याला. त्यामुळं दर उतरला की तुला पण लवकर मिळतो, आणि चढला की लवकर बसतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ एवढ्यात रेपो ४ वरनं साडेसहावर गेला. ज्यांनी पावणेसात टक्क्यानं कर्ज काढलं होतं त्यातल्या कितीतरी जणांची मुदत गुपचूप लांबली, कारण हप्ता तोच राहिला आणि लोक हप्ताच बघत बसले. त्यानंतर ऑगस्ट २०२३ मधे रिझर्व्ह बँकेनं सांगितलं की दर रिसेट झाला, म्हणजे बदलला, की बँकेनं कर्जदाराला कळवायचं आणि विचारायचं, हप्ता वाढवू का मुदत वाढवू का दोन्ही थोडं थोडं, आणि व्याज पण निघणार नाही एवढा हप्ता लहान ठेवायचा नाही. म्हणजे आता विचारतात. आपण उत्तर द्यायला पाहिजे. मेसेज येईल, तो ऑफरच्या मेसेजमधे हरवू देऊ नको. दर वाढला तर जमेल तेवढा हप्ता वाढव. आणि २०२५ मधे उतरला तसा दर उतरला तर हप्ता कमी करून मागू नको, चालतोय तसा चालू दे, मुदत आपोआप खाली येते.

टॅक्स वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडू नये असं आपल्यातलेच काही शहाणे सांगतील. राहत्या घराच्या व्याजाची २ लाखाची सूट जुन्या रेजिममधे आहे, नवीन रेजिममधे नाही, आणि तू नवीन रेजिम घेतलीयेस, मीच फॉर्म बघितलाय. विषय संपला. दुसरे म्हणतील जादा पैसे कर्जात घालण्यापेक्षा एसआयपीत, म्हणजे दरमहा म्युच्युअल फंडात घाल, बारा टक्के मिळतील. घाल थोडे, वय आहे तुझं. पण साडेआठ टक्के वाचणं हे ठरलेलं आहे आणि तिकडचे बारा टक्के ठरलेले नाहीत, शिवाय मी बघितलंय, कर्जात न भरलेले पैसे एसआयपीत कमी जातात आणि गाडीच्या डाऊन पेमेंटमधे जास्त जातात.

माझं काय झालं ते राहिलंच. त्या ९६ रुपयांनंतर हप्ता ९ हजार करून घेतला, बायकोची भिशी लागली ती पण टाकली, दोन दिवाळ्या नवीन काही घेतलं नाही, आणि २०१६ ला संपवलं. मूळ कागद परत मिळायला मात्र अडीच महिने हेलपाटे. आता कर्ज फिटल्यावर ३० दिवसात कागद दिले नाहीत तर बँकेला दिवसाला ५ हजार रुपये द्यावे लागतात, तेव्हा असतं तर मी त्यात हॉलला टाइल्स बसवल्या असत्या.

आणि फ्लॅट फक्त तुझ्या नावावर होतोय ना? मग बाईच्या नावावर घर म्हणून स्टॅम्प ड्युटीत १ टक्का सवलत आहे, ३८ लाखाच्या फ्लॅटला ३८ हजार. भावाचं नाव घालायचा विषय घरात निघालाय असं तू म्हणालीस, तर रजिस्ट्रेशनच्या आधी आप्पांशी बोल, कारण पुरुषाचं नाव आलं की ती सवलत जाते. बोलायला अवघड वाटत असलं तर मी रविवारी येतो तुमच्याकडं, उसाच्या निमित्तानं.

सोमवारी येताना सँक्शन लेटरची प्रिंट घेऊन ये, मोबाईलवर नको, माझे डोळे आता तेवढे नाहीत. रिसेटचा क्लॉज आणि तो ९० हजारांचा कागद पेन्सिलनं मार्क करून ठेव. सही अजून केली नाहीयेस ना, तेवढं मला आत्ताच फोन करून सांग.

तुझा काका