इंदूरजवळच्या ओढ्यात ट्राउट लागेल का? नाही तर तीर्थनवर कुठे बसावं?

तुम्ही विचारलंय की चोरल-पातालपाणीच्या बाजूला एखाद्या ओढ्यात ट्राउट लागेल का, आणि नसेल तर हिमाचलात तीर्थन नदीवर पहिल्यांदा जाणाऱ्याने गळ टाकून कुठे बसावं.

पहिल्याचं उत्तर: नाही. ट्राउटला बारा महिने थंड, खळाळतं पाणी लागतं, साधारण वीस अंशांच्या आतलं. मे महिन्यात आपल्या ओढ्यांत काय उरतं? काळ्या दगडांमधली कोमट डबकी. शिवाय हा मासा आपल्या देशातला नाहीच. इंग्रजांनी अंडी आणून आधी काश्मिरात आणि १९०९ मध्ये कुलूत वाढवला. चोरलचं पाणी नर्मदेला जातं आणि तिथला मानाचा मासा बाडस, म्हणजे महसीर. २०११ पासून तो मध्य प्रदेशचा राज्य मासा आहे. पण तो फार कमी झालाय, त्याच्या मागे लागू नका.

खरं तर मी लिहायला बसलो ते तुमच्या ‘बसावं’ या शब्दामुळे. आमचे भाऊजी बसतात. रामबागेतल्या आमच्या घरी दर दिवाळीला हाच वाद होतो: मासा पकडायचा तर मोठी नदी, मोठं रील, आणि एका जागी दिवसभर बैठक. नाल्यात गळ टाकणं हा पोरांचा खेळ, असं ते मला लग्नात पहिल्यांदा भेटले तेव्हापासून म्हणतात. मला हे लागतं, कारण मी जे शिकलो ते नाल्यातच शिकलो. कालाकुंडच्या बाजूला आजोबा मला घेऊन जायचे. बांबूची काठी, नायलॉनचा दोरा, कणकेची गोळी. पाण्यावर सावली पाडली की पाठीत धपाटा बसायचा.

एप्रिल २०१८ मध्ये मी आणि भाऊजी तीर्थनला गेलो. मंडीकडून जाताना औटच्या बोगद्याआधी बंजारचा फाटा लागतो, तिथून पुढे गुशैणी. वर बर्फ वितळत होतं, नदी भरून दुधाळ हिरवी झाली होती. भाऊजी सकाळी सहाला एका मोठ्या धोंड्यावर बसले ते दुपारी जेवायलाच उठले. काहीच लागलं नाही. मी मात्र एक छोटा नाला धरून गावामागून वर चढलो. रुंदी दोन हात, पाणी गुडघ्याच्या खाली, तळातला खडा न् खडा दिसत होता.

अशा नाल्यात मासा प्रवाहाकडे तोंड करून उभा असतो, वरून वाहत येणारा किडा टिपायला. त्यामुळे आपण खालून, त्याच्या पाठीमागून जायचं. एक देवदाराचा ओंडका आडवा पडला होता, त्याखाली पाणी कोसळून परातीएवढा डोह झाला होता, कडेला फेसाची बारीक रेघ. मी गुडघ्यांवर रांगत गेलो, पॅन्ट पार भिजली. सगळ्यात लहान स्पिनर (पाण्यात गरगर फिरणारं चकचकीत पात्याचं आमिष) त्या फेसात सोडला, आणि दोन गिरक्यांत दोरा कडक झाला.

वीतभर मासा, ब्राउन ट्राउट. हात आधी ओले केले (कोरड्या हाताने त्याच्या अंगावरचा बुळबुळीत थर निघतो आणि मग तो जगेलच असं नाही). पोट हळदीच्या रंगाचं, पाठीवर काळे ठिपके, कुशीवर लाल टिकल्या आणि प्रत्येक टिकलीभोवती फिकट कडं. पाण्यातच धरून मोबाइलवर एक फोटो काढला आणि सोडला.

भाऊजी फोटो बघून म्हणाले, “अहो, हे तर पिल्लू!” तेव्हापासून ते हेच सांगत सुटलेत, अगदी पाहुण्यांनाही.

ते पिल्लू नव्हतं. ब्राउन ट्राउटच्या पिल्लाच्या अंगावर उभे काळसर पट्टे असतात, कुणी ओळीने बोटं टेकवावीत तसे. याच्या अंगावर एकही नव्हता. छोट्या नाल्यात खायला कमी, पाणी वर्षातले कितीतरी महिने गारठलेलं, म्हणून मासा वाढतो सावकाश आणि वीतभर झाला की अंडी घालण्याजोगा होतो. मोठ्या नदीतल्या हातभर माशाच्या मापाने त्याला मोजणं हे अज्ञान आहे, मग बोलणारा वयाने कितीही मोठा असो.

तर तुम्ही बसू नका. चाला, वाका, वरच्या दिशेने एकेक डोह बघत जा. गळाच्या टोकाजवळचा उलटा काटा पक्कडीने दाबून घ्या म्हणजे मासा सोडताना फाटत नाही.

काही गोष्टी राहिल्या. मत्स्य विभागाचा परवाना नाल्यासाठीही काढा, आणि एक नोव्हेंबर ते फेब्रुवारीअखेर जाऊ नका, तेव्हा ट्राउटचा अंडी घालण्याचा काळ असल्याने बंदी असते. पावसाळ्यात तर या नाल्यांत पायच ठेवू नका, पाणी कधी वाढेल ते कळत नाही. आणि हे मान्य करतो की मार्चमध्ये किंवा ऑक्टोबरमध्ये, नदी निवळ असताना, भाऊजींच्या त्या धोंड्यावरही मासा लागतो. एप्रिलच्या त्या दिवशी तो लागणार नव्हता, आणि हे मी त्यांना सकाळी चहा घेतानाच सांगितलं होतं.