आचंद्रसूर्यापर्यंत? ‘आ’ तरी ठेवा, नाहीतर ‘पर्यंत’ तरी

प्रश्न असा आहे : ‘यावच्चंद्रदिवाकरो’ बरोबर की ‘यावच्चंद्रदिवाकरौ’? आणि ‘आचंद्रसूर्यापर्यंत’ हे त्याचंच मराठी रूप का?

‘औ’. चंद्र एक, दिवाकर एक, म्हणून द्विवचन. अर्थ : चंद्र-सूर्य आहेत तोवर. झालं.

दुसरा शब्द मात्र डोक्यात जातो. सत्काराच्या भाषणात कुणी ना कुणी ‘तुमची कीर्ती आचंद्रसूर्यापर्यंत राहो’ म्हणतोच. अहो, तो ‘आ’ म्हणजेच ‘पर्यंत’! आजन्म, आमरण, आसेतुहिमाचल ही सगळी त्याचीच पोरं. उपोषण ‘आमरणापर्यंत’ करतात का? (करतात म्हणे. वाचलंय मी.)

या ‘आ’ची गंमत पाणिनीने एका सूत्रात सांगितली आहे : ‘आङ् मर्यादाभिविध्योः’. मर्यादा म्हणजे ती हद्द सोडून अलीकडे, अभिविधी म्हणजे हद्दीसकट. आमरण उपोषणात मरण येईपर्यंतचा काळ धरायचा, आबालवृद्धांत मात्र बाळ आणि म्हातारे दोघेही आत. मग ‘आचंद्रार्क’मध्ये (अर्क म्हणजे सूर्यच) कोणता? माझं मत : मर्यादा. चंद्र-सूर्य आहेत तोवर, ते गेले की करार संपला. कोश ‘कायमचे, अनंतकाळ’ असा अर्थ देऊन मोकळे होतात, ते मला पटत नाही. ज्यांच्या हिशेबात 432 कोटी वर्षांनी कल्प संपून प्रलय होतो, त्यांना चंद्र-सूर्यही जाणार हे ठाऊक होतं. हा शब्द काव्यातला नव्हे, दस्तऐवजातला आहे. मुदत लिहिली आहे हो ती!

पटत नसेल तर ताम्रपट बघा. वलभीचे मैत्रक, राष्ट्रकूट या जुन्या राजघराण्यांच्या दानपत्रांत जमीन किती काळासाठी दिली? ‘आचंद्रार्कार्णवक्षितिसरित्पर्वतसमकालीन’. चंद्र, सूर्य, समुद्र, पृथ्वी, नद्या, डोंगर असतील तितका काळ : एखादं निसटू नये म्हणून वकिली बाण्याने सगळी यादी. दानाच्या शिळेवर वर चंद्र-सूर्य कोरलेले असतात, ते याच शब्दाचं अक्षरशत्रूंसाठी केलेलं चित्र. काही विद्वान म्हणतात, ते साक्षीदार आहेत. असतील. मग ‘समकालीन’ कशाला लिहिलं? साक्षीदार समकालीन असल्याचं कुणी मुद्दाम नोंदवतं का?

या लोकांच्या कल्पनेतला दूरचा काळ बघा. उडती नगरं नाहीत, नवी यंत्रं नाहीत. तोच समुद्र, तेच डोंगर. बदलणार फक्त राजा, आणि भीती त्याचीच. म्हणून दान मोडणाऱ्याला 60,000 वर्षं नरक, आणि शेवटी चक्क विनवणी : ‘सर्वानेतान् भाविनः पार्थिवेन्द्रान् भूयो भूयो याचते रामभद्रः’. पुढे होणाऱ्या सगळ्या राजांकडे प्रत्यक्ष राम पुन्हा पुन्हा याचना करतो. ‘भाविनः’ म्हणजे आपला ‘भावी’च. तो आता फ्लेक्सवर ‘भावी आमदार’ म्हणून हात जोडून उभा असतो. तेव्हा याचना भावी माणसाकडे व्हायची, आता तोच करतो.

मराठी सनदांपर्यंत ही भाषा जमिनीवर आली होती. ‘पुत्रपौत्रादि वंशपरंपरेने’ इनाम चालवा, आणि पुढे ‘दरसाल ताज्या सनदेचा उजूर न करणे’. ‘उजूर’ मूळचा अरबी ‘उज्र’, म्हणजे सबब, हरकत. फारसीतून आपल्या दफ्तरात आला. इनामदाराला चंद्र-सूर्याची काळजी नव्हती. पुढच्या साली कचेरीत बसलेला कारकून मान वर न करता ‘नवा कागद आणा’ म्हणेल, ही होती.