वाचक विचारतात : बिल्हण, कराडची राजकन्या आणि फाशीची गोष्ट

प्रश्न : एका व्याख्यानात ऐकलं की कराडच्या राजकन्येचं स्वयंवर एका संस्कृत महाकाव्यात आहे आणि कवी काश्मिरी, बिल्हण नावाचा. काश्मीरच्या माणसाचा कराडशी काय संबंध? आणि राजकन्येच्या प्रेमात पडला म्हणून ज्याला फाशी होणार होती तोच का हा?
(एक वाचक, कराड)

उत्तर : नाव तेच, पण फाशीची गोष्ट जरा बाजूला ठेवा. संबंध म्हणाल तर नोकरीचा. बिल्हण श्रीनगरजवळच्या खोनमुख गावचा, म्हणजे आजचं खुनमोह, वडील ज्येष्ठकलश, आई नागदेवी. अकराव्या शतकात, कलश राजाच्या काळात, शिक्षण पूर्ण करून हा जो घराबाहेर पडला तो मथुरा, कनौज, प्रयाग, काशी करत डाहलच्या (आजच्या जबलपूरकडच्या) कर्ण राजाकडे, तिथून गुजरातेत अनहिलवाडला, मग सोमनाथ, रामेश्वर, आणि शेवटी कल्याणच्या चालुक्य राजाकडे, सहाव्या विक्रमादित्याकडे, स्थिरावला (कल्याण म्हणजे लोकल जाते ते नाही हो, बिदर जिल्ह्यातलं बसवकल्याण). राजाने त्याला 'विद्यापती' केलं, छत्र दिलं, हत्ती दिला. त्याबदल्यात त्याने 'विक्रमाङ्कदेवचरित' लिहिलं, 18 सर्ग.

आता कराड. विक्रमादित्याची राणी चंद्रलेखा, शिलाहार राजघराण्यातली मुलगी, करहाट म्हणजे तुमचं कराड. सातव्या सर्गात वसंत येतो, आठव्यात तिच्या रूपाचं पायापासून वरपर्यंत वर्णन, नवव्यात स्वयंवर, आणि मग तेराव्यापर्यंत फुलं तोडणं, जलक्रीडा, मद्यपान, उन्हाळा, पावसाळा. लढाया वगैरे सगळं थांबलेलं! खरं सांगायचं तर वाचताना मधेमधे पेंग येते. पण हिची कीर्ती पार काश्मीरपर्यंत गेली होती. राजतरंगिणीत, म्हणजे काश्मीरच्या राजांच्या इतिहासकाव्यात, कल्हण सांगतो की काश्मीरचा हर्ष राजा कर्नाटकच्या राणीचं, चंदलाचं, नुसतं चित्र बघून वेडा झाला आणि तिच्या नवऱ्याला हरवून तिला आणीन अशी भर दरबारात प्रतिज्ञा करून बसला. दरबारी मंडळी मनात हसत असतील. ही चंदला म्हणजेच आपली चंद्रलेखा.

फाशीची गोष्ट बिल्हणाच्या नावावर असलेल्या 'चौरपंचाशिका'मुळे चिकटली. पन्नासेक श्लोक, प्रत्येकाची सुरुवात 'अद्यापि' म्हणजे 'अजूनही', आणि पुढे तिची आठवण. शिकवायला गेला, प्रेमात पडला, राजाने मृत्युदंड दिला, वधस्थानाकडे जाताना हे श्लोक म्हटले आणि राजा विरघळला, अशी कथा. पण ती कथा प्रांताप्रांतात वेगळी, राजा वेगळा, राजकन्या वेगळी. अठराव्या सर्गात बिल्हण स्वतःची सगळी हकिगत सांगतो, गाव, आजोबा-पणजोबा, भाऊ, प्रवास, कोणाला वादात हरवलं ते सुद्धा, पण राजकन्या-फाशी काही नाही. एवढा स्वतःबद्दल बोलायची हौस असलेला माणूस असली गोष्ट गाळेल? मला नाही पटत.

त्या सर्गात त्याचा राग पण दिसतो. गुजरातेत काहीतरी बिनसलं असावं, कारण तिथले लोक कासोटा नीट घालत नाहीत आणि बोलतात ते ऐकवत नाही असं लिहून ठेवलंय, आणि तो सगळा ताप म्हणे सोमनाथाच्या दर्शनाने निवला. धारच्या भोजाला भेटायचं राहिलं त्याची हळहळ मात्र फार सुंदर आलीय, धारानगरी पारव्यांच्या घुमण्यातून विचारते, तू भोज असताना का नाही आलास रे.

प्रश्न : मग हे दरबारी कवी म्हणजे पगारी भाटच की. इतिहास म्हणून यांचं काय घ्यायचं?
(एक वाचक, पुणे)

उत्तर : पगारी होतेच, त्यात लपवायचं काय. पण बिल्हणाची अडचण बघा. राजाने मोठ्या भावाला, दुसऱ्या सोमेश्वराला, कैदेत टाकून 1076 मध्ये गादी घेतलेली आणि स्वतःचा नवा शक पण सुरू केलेला. हे सगळ्यांना माहीत. आता याचं चरित्र कसं लिहायचं? मग बिल्हण सांगतो की वडील युवराज करत होते तेव्हा यानेच 'नको, दादाचा हक्क आहे' म्हटलं. मग दादा बिघडला. तरीही हा लढायला तयार नाही, शेवटी साक्षात शंकर स्वप्नात येऊन सांगतात तेव्हा कुठे तलवार उचलतो. एवढी सारवासारव करावी लागते म्हणजे लोकांत कुजबुज असणारच, आणि मला तरी इतिहास तिथेच सापडतो, स्तुतीत नाही. विक्रमादित्याच्या वडिलांचा मृत्यू बिल्हणाने छान लिहिलाय, ताप उतरेना म्हणून पहिल्या सोमेश्वराने 1068 मध्ये तुंगभद्रेत जलसमाधी घेतली. तिथे सारवायचं काही नव्हतं, म्हणून असेल, भाषा एकदम साधी होते.

आणि भाट म्हणाल तर हा राजालाच दम देतो हो. पहिल्याच सर्गात म्हणतो की रावणाची अपकीर्ती आणि रामाची कीर्ती ही सगळी वाल्मीकीची करणी, तेव्हा 'न कोपनीयाः कवयः क्षितीन्द्रैः', राजांनी कवींना चिडवू नये. पगार घेऊन हे बोलायला जिगर लागते.

प्रश्न : हे काव्य आपल्याकडे आधीपासून माहीत होतं का?
(तेच पुण्याचे वाचक)

उत्तर : नाही, पार विसरलं गेलं होतं. 1874 मध्ये संस्कृतचे युरोपीय अभ्यासक ब्यूलर साहेबांना जैसलमेरच्या जैन भांडारात ताडपत्रावर मिळालं, बरोबर जर्मन अभ्यासक याकोबी होते, दोघांनी बसून आठवडाभरात हाताने उतरवून काढलं आणि 1875 मध्ये मुंबईत छापलं. कराडच्या मुलीचं लग्न, काश्मिरी कवी, कर्नाटकातला दरबार, आणि पोथी निघाली राजस्थानच्या वाळवंटात.