नोटरी केलेल्या दत्तकपत्रावर भाचीला कॅनडाला पाठवता येईल का?

नाही. तुम्ही लिहिलंय की मेहुणे वारले, बहीण आणि सात वर्षांची भाची ऐरोलीत असतात, कॅनडातला थोरला भाऊ भाचीला दत्तक घ्यायला तयार आहे, आणि कुणीतरी 'स्टॅम्पपेपरवर लिहून नोटरी करा, झालं काम' असं सांगितलंय. त्या कागदाने मुलीचा ताबा भावाकडे जात नाही. दत्तकाचा आदेश निघेपर्यंत पालक तुमची बहीणच.

'आधी टुरिस्ट व्हिसावर नेऊ, मग बघू' हा विचार तर डोक्यातूनच काढा. बाल न्याय कायदा, 2015 चं कलम 56 वाचा. वैध आदेशाशिवाय मूल परदेशी पाठवणं किंवा तिथल्या कुणाकडे ताबा देण्याच्या व्यवहारात भाग घेणं, दोन्ही गुन्हे आहेत. तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाख दंड किंवा दोन्ही.

सरळ वाट त्याच कायद्याच्या कलम 60 ची, म्हणजे परदेशातल्या नातेवाईकाने दत्तक घेण्याची. सख्खा मामा 'नातेवाईक' या व्याख्येत बसतो (चुलतमामा बसत नाही, पुष्कळजण तिथेच अडकतात). भावाने तिकडच्या अधिकृत संस्थेमार्फत अर्ज करायचा, ते त्याच्या घराची पाहणी करून अहवाल दिल्लीला 'कारा'कडे (दत्तकाचं काम पाहणारं केंद्र सरकारचं प्राधिकरण) पाठवतात. इकडे जिल्हा बाल संरक्षण कक्षाची माणसं बहिणीच्या घरी येऊन कुटुंबाबद्दलचा अहवाल लिहितात.

असे कौटुंबिक अहवाल मी ठाणे जिल्ह्यात काही वर्षं लिहिलेत. मुलीशी एकटीनेच बोलायचे, आईला स्वयंपाकघरात बसवून. 'मामाकडे जायचंय का?' हे आधी विचारायचं नाही, त्याचं उत्तर घरच्यांनी पाठ करून घेतलेलं असतं. 'तिकडे रात्री ताप आला तर कुणाला उठवशील?' असं विचारलं की खरं बाहेर येतं. एकीने मलाच उलट विचारलं, 'मग आई मला न्यायला कधी येणार?' तिला 'शिकायला चाललीयेस' एवढंच सांगून ठेवलं होतं. मी अहवालात ते शब्द जसेच्या तसे लिहिले. पाच वर्षांपुढच्या मुलाची संमती लागते, आणि अशी संमती संमती नव्हे. तेव्हा भाचीला आत्ताच खरं काय ते सांगा.

आई हयात असताना दत्तक का, हेही विचारलं जाणारच. निव्वळ तिकडे स्थायिक होता यावं म्हणून केलेलं दत्तक कॅनडाचं इमिग्रेशन खातंही मानत नाही.

1 सप्टेंबर 2022 पासून आदेश कोर्टाऐवजी जिल्हाधिकारी देतात. ऐरोली ठाणे जिल्ह्यात, म्हणजे तुम्हाला ठाण्यात कोर्टनाक्याचं जिल्हाधिकारी कार्यालय. बहीण खारघरला, म्हणजे रायगड जिल्ह्यात असती तर नवी मुंबईत राहूनही अलिबाग गाठावं लागलं असतं! आदेशानंतर 'कारा'चं ना हरकत प्रमाणपत्र, त्यानंतरच मूल मामाच्या हाती. पुढे दोन वर्षं तिकडची संस्था मुलीची खबरबात कळवत राहते, पहिल्या वर्षी दर तीन महिन्यांनी. आईशी आणि भावंडांशी तिची गाठभेट होऊ देणं दत्तक पालकांवर कायद्यानेच बंधनकारक आहे. भावाला हे आत्ताच बजावून ठेवा.

राहिला मेहुण्यांच्या फ्लॅटचा प्रश्न. मृत्युपत्र नसेल तर भाचीचा वाटा वडील गेले त्याच दिवशी तिच्या नावे लागला. दत्तक गेल्याने तो जात नाही. सोसायटीत नावं बदलताना तिचं नाव गाळू नका.