आधी घोडे मोज

प्रिय विद्यार्थिनीस,
अनेक आशीर्वाद.

सुरुवातीच्या सिनेमावरचं तुझं टिपण वाचलं. पहिल्याच पानावर 'तेव्हा सिनेमा बाल्यावस्थेत होता' असं वाक्य आहे. ते आधी काढ. बाल्यावस्था म्हटलं की पुढचं सगळं मोठं होणंच ठरतं आणि समोरची फिल्म दिसेनाशी होते.

फ्रान्सच्या ल्यूमिएर बंधूंची कारखान्यातून सुटणाऱ्या कामगारांची फिल्म घे. जेमतेम पन्नास सेकंदांची. तिच्या तीन आवृत्त्या आहेत: एकीत गाडीला एक घोडा, दुसरीत दोन, तिसरीत घोडागाडीच नाही. म्हणजे तोच प्रसंग पुन्हा पुन्हा घेतला, माणसांना पुन्हा त्याच फाटकातून बाहेर काढलं. 'कॅमेरा लावला आणि जे घडलं ते टिपलं' हे आपण किती सहज लिहून जातो! तिन्ही एकापाठोपाठ बघ. फाटक कधी उघडतं, कुत्रा कुठून येतो, सायकलवाले कधी निघतात, वहीत लिही. सिद्धान्ताला अजून हात लावू नकोस.

१९७८ साली इंग्लंडमधल्या ब्रायटनला भरलेल्या चित्रपट-संग्रहालयांच्या परिषदेत अभ्यासकांनी नेमकं हेच केलं. १९०० ते १९०६ मधल्या शेकडो फिल्म्स ओळीने बघितल्या. त्या बघण्यातूनच पुढे टॉम गनिंग आणि आंद्रे गोद्रो या अभ्यासकांची 'आकर्षणांचा सिनेमा' ही कल्पना आली: गोष्ट सांगण्यापेक्षा काहीतरी दाखवून चकित करणारा सिनेमा. या नव्या लेखनाचा मोठा संग्रह चित्रपट-इतिहासकार थॉमस एल्सेसर यांनी १९९० मध्ये संपादित केला.

एल्सेसर मला फार जवळचे वाटतात. बर्लिनमध्ये जन्म, इंग्लंडमध्ये अध्यापन, मग अ‍ॅम्स्टरडॅम. नुसती फिल्म बघून चित्रपटाचा इतिहास होत नाही, हे त्यांच्याकडून शीक. ती कुठे लागली, कशाच्या आधी लागली, कोणी भाड्याने नेली? जर्मनीच्या स्क्लाडानोव्स्की बंधूंची हलती चित्रं १ नोव्हेंबर १८९५ ला बर्लिनच्या विंटरगार्टन नाट्यगृहात दाखवली गेली ती करमणुकीच्या कार्यक्रमातला शेवटचा खेळ म्हणून. ल्यूमिएर बंधूंचा पॅरिसचा खेळ त्यानंतरचा, २८ डिसेंबरचा. 'पहिला कोण' या भांडणात मात्र वेळ घालवू नकोस.

अ‍ॅम्स्टरडॅमला आय फिल्म संग्रहालयात जाँ देस्मे यांचा संग्रह आहे. जत्रेत फिरता सिनेमा दाखवणारा हा माणूस पुढे वितरक झाला आणि त्यानं नऊशेहून जास्त फिल्म्स जपल्या. त्याबरोबर पोस्टरं आणि धंद्याची कागदपत्रंही. मला त्या कागदांचं मोल फिल्म्सइतकंच वाटतं.

तिथे जाणं आत्ता परवडणार नाही, ठाऊक आहे. मग ७ जुलै १८९६ चा 'टाइम्स ऑफ इंडिया' शोध. मुंबईच्या वॉटसन हॉटेलातल्या ल्यूमिएरच्या खेळाची जाहिरात त्यात आहे. जाहिरातीपुरतं कात्रण नको, अख्खं पान बघ. त्या दिवशी मुंबईत माणूस पैसे देऊन आणखी काय काय बघू शकत होता, ते उतरवून घे आणि घोड्यांच्या नोंदीबरोबर पाठव.

तुझी,
बाई